दुर्गाबाई खोटे

१९१३ साली मुंबईत एक नवलाची गोष्ट घडली. गिरगावातील कोरोनेशन चित्रगृहात ३ मे रोजी दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट लोकांना दाखविण्यात आला. पडद्यावरची माणसे चालत होती, हसत होती, रडत होती. मात्र त्यांचा आवाज ऐकू येत नव्हता. तो मूकपट होता. या चित्रपटात तारामती राणीची भूमिका करण्यासाठी एखादी स्त्री मिळावी म्हणून दादासाहेबांनी पुष्कळ खटपट केली होती. परंतु कोणीही स्त्री पुढे येईना. अखेरीस उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणाला लुगडे नेसवून तारामती म्हणून उभे करावे लागले.

दादासाहेबांच्या पुढच्याच चित्रपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या दोघींनी धैर्याने कामे केली आणि चित्रपटसृष्टीत स्त्रियांचा प्रवेश झाला. तरीही समाजाचे मत लवकर बदलले नाही. नटीचा व्यवसाय कुलीन स्त्रीला शोभत नाही, अशीच समजूत त्या काळी घरोघर होती. लोक चित्रपट आवडीने पाहत. पण त्यात काम करणाऱ्या स्त्रीला आपल्या घरी बोलावण्यास मात्र कचरत. ही समजूत ज्या थोड्या स्त्रियांच्या कर्तृत्वामुळे हळूहळू मागे पडली, त्यांपैकी एक म्हणजे दुर्गाबाई खोटे. सुमारे पन्नास वर्षे त्यांनी चित्रपट व रंगभूमी गाजविली आणि उतारवयात हाती लेखणी घेऊन आपल्या जीवनाची कहाणी मराठी वाचकांना सांगितली.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत एका सुखवस्तू घराण्यात झाला. त्यांचे माहेरचे आडनाव लाड. वडील पांडुरंगराव लाड हे मुंबईतील नावाजलेले सॉलिसिटर होते. घरात कशाचीही उणीव नव्हती. ज्या काळी मुलींना चार इयत्ता शिकविणे हेही पुष्कळांना अनावश्यक वाटे, त्या काळी लाडांच्या घरी मुलीच्या शिक्षणाकडे विशेष लक्ष पुरविले गेले. दुर्गाबाई कॅथीड्रल शाळेत शिकल्या आणि पुढे सेंट झेवियर कॉलेजात गेल्या. इंग्रजी भाषा त्यांना उत्तम अवगत झाली. या शिक्षणाचा उपयोग पुढे कोणत्या कारणाने होणार आहे, याची मात्र तेव्हा कोणालाच कल्पना नव्हती.

किशोरवयातच त्यांचा विवाह विश्वनाथ खोटे यांच्याशी झाला. विश्वनाथ हे बनारस हिंदू विद्यापीठातून अभियांत्रिकीचे शिक्षण घेतलेले पदवीधर होते आणि खोटे घराणेही माहेरासारखेच संपन्न होते. बकुळ व हरीन असे दोन पुत्र दुर्गाबाईंना झाले. एका श्रीमंत घरातून दुसऱ्या श्रीमंत घरात आलेल्या या तरुण स्त्रीचे आयुष्य सुखात जाईल, असेच कोणालाही वाटले असते. परंतु दैवगती निराळी होती. खोटे घराण्याची आर्थिक स्थिती ढासळली. नोकरचाकर, वाडा, वैभव या साऱ्यांची सवय असलेल्या दुर्गाबाईंवर दोन लहान मुलांच्या पालनपोषणाची चिंता करण्याची पाळी आली.

अशा वेळी माहेरच्या संपत्तीवर विसंबून राहणे त्यांना शक्य होते. पण दुसऱ्याच्या आधाराने दिवस कंठणे त्यांच्या मनाला पटले नाही. आपल्या मुलांचा खर्च आपण स्वतः मिळवून भागवावा, असा त्यांनी निश्चय केला. आरंभी त्यांनी शिकवण्या केल्या. त्यांतून मिळणाऱ्या पैशांत भागत नव्हते. याच सुमारास चित्रपटात एक लहानसे काम करण्याची संधी त्यांच्यापुढे आली. मोहन भवनानी यांच्या १९३१ सालच्या ‘फरेबी जाल’ या चित्रपटातील ते काम होते. त्यांनी ते पत्करले.

भूमिका अवघ्या काही मिनिटांची होती. परंतु तिचे परिणाम फार कटू झाले. चित्रपट सुमार निघाला. त्याच्या जाहिरातीत दुर्गाबाईंच्या माहेरच्या व सासरच्या प्रतिष्ठित नावांचा उपयोग करून घेण्यात आला. मग काय विचारता! परिचितांनी नाके मुरडली, आप्तेष्टांनी दोष दिला. दोन घराण्यांचे नाव धुळीस मिळविले, असा ठपका त्यांच्यावर आला. आपण पत्करलेला चित्रपट कसा आहे, याची आधी नीट चौकशी केली नाही, ही चूक खरीच होती. तिचे फळ त्यांना पुरेपूर भोगावे लागले. पुन्हा या वाटेला जाऊ नये, असेच कोणाही स्त्रीला वाटावे, अशी ती वेळ होती.

परंतु त्याच चित्रपटातील त्या लहानशा कामामुळे एका जाणकाराची दृष्टी त्यांच्याकडे वळली. ते होते कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीचे दिग्दर्शक व्ही. शांताराम. भारतात चित्रपट नुकतेच कोठे बोलू लागले होते. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात ‘आलमआरा’ हा पहिला हिंदी बोलपट झळकला होता. प्रभातने आपल्या पहिल्या बोलपटासाठी हरिश्चंद्राचीच कथा निवडली. तारामतीसाठी शांतारामांना अशी स्त्री हवी होती, की जिच्या चालण्याबोलण्यात राणीचा डौल असेल आणि जिचे मराठी व हिंदी उच्चार स्वच्छ असतील. त्यांनी दुर्गाबाईंना बोलाविले.

एकदा पोळलेल्या दुर्गाबाईंनी पुन्हा तेच धाडस केले. मात्र या खेपेस त्या एका कसलेल्या कलासंस्थेत गेल्या होत्या. कोल्हापुरात त्यांना अक्षरशः पहिल्या धड्यापासून शिकावे लागले. त्या काळी बोलपटात काम करणे सोपे नव्हते. आज पात्राचा आवाज मागाहून भरता येतो. तेव्हा तशी सोय नव्हती. जे बोलायचे ते कॅमेऱ्यासमोर, एका दमात, न चुकता बोलावे लागे. एक शब्द अडखळला, की सारा प्रसंग पुन्हा पहिल्यापासून करावा लागे. पार्श्वगायनाची पद्धत १९३५ साली सुरू झाली; त्यामुळे गाणीसुद्धा नटनटींना स्वतःच म्हणावी लागत. शिवाय हा बोलपट मराठी व हिंदी अशा दोन भाषांत तयार होत होता. म्हणजे प्रत्येक प्रसंग दोन वेळा वठवायचा, एकदा मराठीत आणि एकदा हिंदीत. हरिश्चंद्राची भूमिका ख्यातनाम गायक-नट गोविंदराव टेंबे करीत होते. अशा मुरलेल्या कलावंतासमोर उभे राहून दुर्गाबाईंनी ते आव्हान पेलले.

हरिश्चंद्राची कथा मराठी माणसाला ठाऊक आहेच. सत्यासाठी राजाने राज्य दान केले, दक्षिणेची पूर्तता करण्यासाठी पत्नी तारामती व पुत्र रोहिदास यांना काशीच्या बाजारात विकले आणि स्वतः डोंबाचा सेवक होऊन स्मशानात चाकरी पत्करली. राजवाड्यातील तारामतीला परक्याच्या घरी दासी होऊन राबावे लागले. दुर्गाबाईंनी नुकतेच स्वतः वैभव व दारिद्र्य अशी दोन्ही टोके पाहिली होती. त्यांची तारामती प्रेक्षकांच्या काळजाला जाऊन भिडली, यात नवल नाही.

१९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट प्रदर्शित झाला आणि लोकांची रीघ लागली. ज्यांनी वर्षभरापूर्वी दुर्गाबाईंची निंदा केली होती, त्यांच्याच घरची मंडळी आता त्यांचे कौतुक करू लागली. एकोणीस वर्षांपूर्वी तारामतीच्या कामासाठी एकही स्त्री मिळाली नव्हती. आता तेच काम एका सुशिक्षित गृहिणीने केले होते आणि समाजाने ते आदराने पाहिले होते. दुर्गाबाईंच्या आधीही अनेक नटींनी कष्टाने व निष्ठेने कामे केली होती; त्यांच्या वाट्याला असा मान आला नव्हता. दुर्गाबाईंना तो मिळाला आणि त्यांच्या मागोमाग सुशिक्षित घरांतील इतर मुलींना ही वाट थोडी सुकर झाली.

त्याच वर्षी ‘माया मच्छिंद्र’ या बोलपटात त्या स्त्रीराज्याच्या राणीच्या रूपाने दिसल्या. त्या काळी नटनटी एखाद्या कंपनीत मासिक पगारावर बांधलेल्या असत. कंपनी सांगेल तेच काम करायचे, अशी रीत होती. दुर्गाबाईंनी ही चाकोरी मोडली. एका कंपनीला बांधून न घेता, आवडेल ते काम त्या जेथे असेल तेथे जाऊन करू लागल्या. कोलकात्याला जाऊन त्यांनी देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली ‘राजरानी मीरा’ (१९३३) व ‘सीता’ (१९३४) या चित्रपटांत प्रमुख भूमिका केल्या. ‘सीता’ हा चित्रपट इटलीतील व्हेनिस शहरी भरलेल्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात दाखविला गेला. मुंबईतील एका मराठी घरातून निघालेली ही कलावती सातासमुद्रापलीकडच्या प्रेक्षकांपर्यंत अशी पोहोचली.

१९३६ साली शांतारामांच्या ‘अमरज्योती’ या चित्रपटात दुर्गाबाईंनी सौदामिनीची भूमिका केली. आपल्या लहान मुलावर आपलाही हक्क आहे, अशी दाद मागणाऱ्या सौदामिनीला न्याय मिळत नाही. तेव्हा ती बंड करून उठते, जहाज घेऊन समुद्रावर जाते आणि अन्याय करणाऱ्या सत्तेला हादरा देते. पतीच्या मागे मुकाट्याने चालणाऱ्या स्त्रिया पाहण्याची सवय असलेल्या प्रेक्षकांना ही तेजस्वी नायिका अगदी नवीन होती. उंच बांधा, करारी मुद्रा आणि खणखणीत वाणी यांमुळे दुर्गाबाई त्या भूमिकेत शोभून दिसल्या.

पुढे त्यांनी चित्रपटनिर्मितीतही पाऊल टाकले. ‘सवंगडी’ हा मराठी आणि ‘साथी’ हा हिंदी, अशा दोन रूपांत त्यांचा चित्रपट निघाला. नटीने स्वतः निर्माती होणे ही त्या काळी विरळा गोष्ट होती. हिशेब ठेवणे, माणसे जमविणे, कामाची आखणी करणे या साऱ्या गोष्टी त्या अनुभवातून शिकत गेल्या.

वय वाढू लागले, की नटीची कामे संपतात, असा त्या व्यवसायातील अनुभव आहे. दुर्गाबाईंनी याही बाबतीत शहाणपण दाखविले. नायिकेच्याच भूमिका कराव्यात, असा हट्ट त्यांनी कधी धरला नाही. आचार्य अत्रे यांच्या ‘पायाची दासी’ (१९४१) या चित्रपटात त्या सुनेला छळणारी खाष्ट सासू झाल्या. १९४२ सालच्या ‘भरतभेट’ या चित्रपटात त्यांनी कैकेयी रंगविली. प्रेक्षकांना राग येईल अशी पात्रेही त्या मन लावून करीत. भूमिका लहान की मोठी, गोड की कडू, यापेक्षा ती खरी वाटते की नाही, याकडे त्यांचे लक्ष असे. १९६० साली प्रदर्शित झालेल्या ‘मुगल-ए-आझम’ या भव्य चित्रपटात त्या जोधाबाई झाल्या. सम्राट अकबराच्या भूमिकेत पृथ्वीराज कपूर होते. सत्तावीस वर्षांपूर्वी ‘राजरानी मीरा’मध्ये एकत्र काम केलेले हे दोन कलावंत आता वडीलधाऱ्यांच्या भूमिकांत समोरासमोर उभे होते. एकीकडे पतीची आज्ञा, दुसरीकडे पुत्राचे प्रेम, अशा कात्रीत सापडलेल्या मातेचे दुःख दुर्गाबाईंनी मोठ्या संयमाने दाखविले.

चित्रपटाइतकेच त्यांचे रंगभूमीवरही प्रेम होते. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांत त्यांनी हौसेने कामे केली. ‘भाऊबंदकी’तील आनंदीबाई, शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’ नाटकावरून वि. वा. शिरवाडकर यांनी लिहिलेल्या ‘राजमुकुट’ नाटकातील महत्त्वाकांक्षी राणी अशा त्यांच्या भूमिका रसिकांच्या दीर्घकाळ स्मरणात राहिल्या. १९५८ साली संगीत नाटक अकादमीने त्यांच्या अभिनयाचा गौरव केला आणि १९६८ साली भारत सरकारने त्यांना पद्मश्री हा किताब दिला.

कीर्ती वाढत असतानाच एक दारुण आघात त्यांच्यावर झाला. ज्या मुलांसाठी त्यांनी लोकांची निंदा सोसून कामाला आरंभ केला होता, त्यांपैकी हरीन याचे अकाली निधन झाले. मातेच्या जीवनात यापेक्षा मोठे दुःख नाही. दुर्गाबाईंनी ते पचविले आणि स्वतःला पुन्हा कामात गुंतवून घेतले. त्यांच्या संस्थेने माहितीपट, लघुपट व जाहिरातपट काढले. पुढे १९८८ साली याच संस्थेची ‘वागले की दुनिया’ ही मालिका दूरदर्शनवर आली. व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतून उतरलेला तो साधासुधा संसारी माणूस देशभर घरोघरी आवडता झाला.

उतारवयात दुर्गाबाई मुंबईची धावपळ सोडून अलिबागला राहू लागल्या. आयुष्यभर इतरांनी लिहिलेले शब्द त्यांनी मुखाने बोलून दाखविले होते. आता स्वतःचे शब्द लिहिण्याची वेळ आली होती. १९८२ साली, वयाच्या सत्त्याहत्तराव्या वर्षी, ‘मी, दुर्गा खोटे’ हे त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले.

स्त्रियांनी आत्मकथा लिहिण्याची परंपरा मराठीत जुनी आहे. रमाबाई रानडे यांच्या आठवणी १९१० साली प्रसिद्ध झाल्या. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ तर मराठी साहित्याचे भूषण मानली जातात. नटींपैकी शांता आपटे यांनी १९४० सालीच ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून चित्रपटाच्या धंद्याची ओळख वाचकांना करून दिली होती. या मालिकेत दुर्गाबाईंच्या पुस्तकाने मानाचे स्थान मिळविले. प्रसिद्ध माणसाने आत्मचरित्र लिहिताना आपले यश तेवढे सांगावे आणि अपयश झाकून ठेवावे, हा मोह मोठा असतो. दुर्गाबाईंनी तो आवरला. बालपणीचे वैभव त्यांनी लिहिले, तसे नंतरचे हलाखीचे दिवसही लिहिले. पहिल्या चित्रपटाच्या वेळी झालेली नाचक्की त्यांनी लपविली नाही आणि पुत्रशोकाची जखमही उघडी केली. या साऱ्या गोष्टी त्यांनी साध्या, सरळ भाषेत सांगितल्या.

या पुस्तकामुळे आणखी एक मोलाचे काम झाले. त्या काळी चित्रपट कचकड्याच्या फितीवर उतरविलेले असत. त्या काळातील पुष्कळ फिती जीर्ण होऊन, जळून किंवा हरवून नष्ट झाल्या. कोल्हापूरचा स्टुडिओ, पहिल्या बोलपटांची धांदल, त्या वेळचे कलावंत व त्यांचे कष्ट यांची जी आठवण पडद्यावर उरली नाही, ती पुस्तकाच्या पानांत राहिली. २००६ साली शांता गोखले यांनी केलेला त्याचा इंग्रजी अनुवाद प्रसिद्ध झाला आणि मराठी न जाणणाऱ्या वाचकांनाही ही कहाणी कळली.

१९८३ साली दुर्गाबाईंना भारतीय चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च मान मिळाला. त्या पुरस्काराला दादासाहेब फाळके यांचे नाव आहे. तारामतीच्या भूमिकेसाठी ज्या दादासाहेबांना एक स्त्री मिळू शकली नव्हती, त्यांच्याच नावाचा पुरस्कार बोलपटातील पहिल्या मराठी तारामतीला मिळावा, हा योग मोठा सुंदर होता.

२२ सप्टेंबर १९९१ रोजी दुर्गाबाईंनी या जगाचा निरोप घेतला. संकट आले तेव्हा त्या हातपाय गाळून बसल्या नाहीत. प्रामाणिक कष्टाने मिळविलेल्या भाकरीची त्यांना लाज वाटली नाही. पहिल्या चुकीने त्या खचल्या नाहीत आणि पुढच्या यशाने त्या फुगल्याही नाहीत. हरिश्चंद्र राजाने सत्यासाठी राज्य सोडले, म्हणून त्याची कथा आपण सांगतो. पडद्यावर त्याची राणी झालेल्या दुर्गाबाईंनी स्वतःविषयी लिहिताना सत्याची साथ सोडली नाही, म्हणून त्यांचीही कथा सांगण्याजोगी आहे.